अट्रॅक्टाची पाठ

आमच्या गावात कुणाच्या पोरीचं लग्न ठरलं की आधी फादरकडे जायचं आणि तिथून अट्रॅक्टाकडे, असा रिवाज होता. फादरनी दिलेली तारीख अट्रॅक्टाला सोयीची नसली तर लोक परत फादरकडे जायचे, हेही मी या डोळ्यांनी पाहिलंय. फादर बिचारे समजूतदार. लग्न काय, बाजूच्या गावचे फादरही लावतील. नवरीच्या अंगाला टॅन मात्र अट्रॅक्टानेच लावायचा.

आम्ही आयर्लंडमधल्या शॅनन नदीच्या काठची माणसं. ऊन आमच्याकडे येतं तेच निघायच्या घाईत. त्यामुळे आमचं अंग सोललेल्या बटाट्यासारखं. पण लग्न असो, शाळा संपल्यावरचा निरोपाचा नाच असो, नाहीतर कुणाच्या आजीचं मयत असो, चार माणसांत जायचं म्हटलं की आमच्या पोरींना नुकतंच स्पेनहून आल्यासारखं दिसायचं असतं. त्यासाठी बाटलीतून तपकिरी फेस मिळतो. तो अंगाला चोळायचा, तसंच निजायचं आणि सकाळी अंघोळ करायची. ऐकायला सोपं आहे. घरी एकटीने करून बघा. कोपरं काळी, घोट्यावर डाग, पोटऱ्यांवर ओघळ, आणि तळहात बघावेत तर बाई दलदलीतून पीट, ती जळणाची काळी माती, उपसून आल्यासारखी. अशा किती पोरी लग्नाच्या सकाळी रडत अट्रॅक्टाच्या दारात उभ्या राहिलेल्या मी पाहिल्यात.

मी ब्रीज. अट्रॅक्टाच्या आणि माझ्या घराची भिंत एकच. शाळेच्या स्वयंपाकघरात माझा जन्म गेला. तो फेस मी कधी अंगाला लावला नाही, आणि लावणाऱ्यांना नावं ठेवायची संधीही सोडली नाही. देवाने पांढरं घडवलं, आपण पांढरं मरावं, असं आपलं माझं मत.

अट्रॅक्टा वृद्धाश्रमाच्या धुलाईखान्यात कामाला होती. लग्न केलं नाही. एकाने विचारलं होतं, पण तो बोटींचा माणूस होता आणि बोटीबरोबर गेला. तिची पाठची बहीण डिम्पना हिचा नवरा लवकर वारला, तेव्हा ती आपल्या लहान आयलीशला घेऊन अट्रॅक्टाकडे आली आणि तिथेच राहिली. दोघी बहिणींनी मिळून ती पोर वाढवली. डिम्पना हसरी, बोलघेवडी. अट्रॅक्टा मोजून बोलणारी. शनिवारी दुपारी त्यांच्या मागच्या खोलीत शिळ्या बिस्किटांसारखा वास सुटायचा. टॅनचा वास तसाच असतो. भिंतीपलीकडे मला तो आला की मी खिडकी लावून घ्यायची.

तिच्या शिस्तीला तोड नव्हती. आदल्या दिवशी पोरीने सगळं अंग घासून यायचं, पायांवरचे केसही आदल्या दिवशीच काढायचे. येताना क्रीम, अत्तर, काही म्हणजे काही लावायचं नाही. क्रीम लागायचं ते फक्त कोपर, गुडघे, घोटे, बोटांची पेरं इथे, कारण कोरडी जागा रंग जास्त पिते. मग मखमली हातमोजा घालून लांब लांब हात फिरवत, पायापासून वर. पावलांना आणि हातांना मोज्यात उरलेलं तेवढंच. पोरगी आरशात बघून म्हणायची, फारच गडद झालं. अट्रॅक्टा म्हणायची, "आत्ता दिसतो तो रंग नव्हेच. तो सकाळी पाण्याबरोबर जाईल. खरा आतून वर येतोय, त्याला वेळ दे." मग वृद्धाश्रमातून बाद झालेली गडद चादर तिच्या हातात द्यायची, सैल कपड्यात निजायला सांगायची आणि तंबी द्यायची की सकाळपर्यंत भांडी घासायची नाहीत, पावसात जायचं नाही आणि रडायचं नाही. एखादी म्हणायची, लग्नाच्या आदल्या रात्री रडू आलं तर? अट्रॅक्टा म्हणायची, उद्या रड, फोटो झाल्यावर.

आणि पाठ. बाकी अंगाला ज्याचं त्याला लावता येतं, पाठीला नाही. पाठीला लावायला लांब दांड्याचे ब्रश मिळतात, ते ती थट्टेवारी न्यायची. "जिला पाठीला लावून द्यायला माणूस नाही तिने या भानगडीत पडू नये," हे तिचं वाक्य. तिला स्वतःला डिम्पना होती. गिऱ्हाइकं गेली की दोघी एकमेकींच्या पाठीला लावायच्या. शाळेत असल्यापासून. डिम्पनाचा हात काही अट्रॅक्टासारखा नव्हता, गप्पांच्या नादात एखादा पट्टा राहायचा, आणि मग भिंतीपलीकडून मला ऐकू यायचं, "डावीकडे, अगं डावीकडे, तुझं लक्ष कुठंय?"

डिम्पनाला यकृताचा कॅन्सर निघाला तेव्हा आयलीश गॉलवेला शाळेत शिकवत होती आणि तिचं डोनलशी लग्न ठरलं होतं. जूनमधली तारीख होती. लग्नानंतर दोघं पोर्तुगालला जाणार होती. आयलीश दर आठवड्याला यायची, आणि दर वेळी म्हणायची की आईला बरं नसेल तर पोर्तुगाल रद्द. डॉक्टरांनी काय सांगितलं ते डिम्पनाने फक्त अट्रॅक्टाला सांगितलं होतं. औषधं बंद केलीत, आता दुखणं कमी ठेवायचं एवढंच. जूनची अखेर दिसेल असं धरून चालू नका. लेकीला मात्र तिने सांगितलं की औषध लागू पडतंय, जरा थकवा आहे.

मी तिथेच होते, सूप घेऊन गेले होते. डिम्पना खुर्चीत बसली होती. अंग पिवळं पडलेलं. मनगटं इतकी बारीक की घड्याळ कोपरापर्यंत जायचं. ती बहिणीला म्हणाली की लग्नात मला टॅन लावायचा आहे, मोतिया रंगाच्या पोशाखात मी चांगली दिसले पाहिजे.

अट्रॅक्टा म्हणाली, "लावीन. पण पोरीने मला सरळ विचारलं तर मी खोटं बोलणार नाही."

"मग तिने विचारायलाच नको, असं लाव," डिम्पना म्हणाली.

मी सूप खाली ठेवलं. म्हटलं, डिम्पना, पोरीला सांग. तिला ठरवू दे ना, राहायचं की जायचं. ती हसली. म्हणाली, ब्रीज, ती राहील गं, मला माहीत आहे. लग्न करून नवरी आईच्या उशाशी बसेल, आणि पुढे जन्मभर लग्न म्हटलं की तिला हीच खोली आठवेल. मला ते नको आहे. तिने समुद्रात पोहावं. मासे खावेत. मला रोज फोन करावा आणि मी म्हणावं, छान आहे हो.

अट्रॅक्टाने सूप गरम करायला नेलं.

पहिला प्रयत्न साफ फसला. सकाळी डिम्पनाच्या हातापायांवर ओल आलेल्या भिंतीसारखे डाग उठले होते. अट्रॅक्टाच्या हातून असलं काम मी पहिल्यांदाच बघत होते. तिने नुसतं त्या हातांकडे पाहिलं आणि विचारलं, नर्स रोज सकाळी काय लावते? नर्स खाजेवर क्रीम लावायची. यकृत बिघडलं की अंग सारखं खाजतं, त्यावर तेवढाच उतारा. आता क्रीम असेल तिथे रंग बसत नाही, आणि क्रीम नसेल तिथली कातडी इतकी कोरडी की रंग नको तितका पिते. म्हणजे क्रीम बंद करायला हवं. अट्रॅक्टा म्हणाली, जाऊ दे, लांब बाह्यांचा पोशाख शिवू. डिम्पना म्हणाली, क्रीम बंद.

लग्नाच्या आधीचे ते दिवस ती खाजवत नव्हती. खाजवलं तर ओरखडे उठतात आणि ओरखड्यांत रंग भरतो. अट्रॅक्टा गार पाण्यात फडकं भिजवून तिच्या अंगावर ठेवायची, वाळलं की पुन्हा भिजवायची. भिंतीपलीकडे मला डिम्पनाच्या शिव्या ऐकू यायच्या. सगळ्या संतांची नावं घेऊन शिव्या. मग दोघींचं हसणं.

पिवळ्या अंगावर नेहमीचा टॅन लावला तर माणूस नारिंगी दिसतं. अट्रॅक्टाने जांभळट झाक असलेली बाटली मागवली, कारण जांभळा पिवळ्याला मारतो. एकदम गडद लावायचा नाही, रोज एक पातळ हात, म्हणजे चूक झाली तर लहान होईल. दंडावर दुखणं कमी करणाऱ्या औषधाची पट्टी चिकटवलेली होती, तिच्या कडेने तिने बारीक ब्रशने लावलं. सुजलेल्या पावलांना तर तिने हातमोज्याऐवजी कापसाने लावलं, तान्ह्या मुलाचं अंग पुसावं तसं. ही सगळी खटपट मी बघितली आणि त्या आठवड्यात टॅनला एकदाही नाव ठेवलं नाही.

लग्नाच्या आदल्या दिवशी मी प्रागच्या बाळयेशूची मूर्ती बागेत झुडपाखाली नेऊन ठेवली. लग्नात ऊन पडावं म्हणून आमच्याकडे ठेवतात, आणि मान तुटलेली मूर्ती जास्त गुणाची. आमच्या मूर्तीची मान तर दोनदा डकवलेली. गुण असा आला की दुसऱ्या दिवशी माणसं भाजून निघाली.

आयलीश वरच्या खोलीतून नवरीच्या पोशाखात खाली आली आणि आईसमोर उभी राहिली. डिम्पना उभी होती. मोतिया रंगाचा पोशाख, उघडे हात, गळा, सगळीकडे सारखा, मऊ, मधासारखा रंग. कुठे डाग नाही, ओघळ नाही. गालांवर थोडी लाली. वर्षभर मी रोज तिला बघत होते, पण क्षणभर मलाच वाटलं, बाई सुधारली की काय.

आयलीश म्हणाली, "आई, तू किती बरी दिसतेस."

"मग? मला काय झालंय?" डिम्पना म्हणाली.

आयलीशने एवढा मोठा श्वास सोडला की मला तो ऐकू आला. महिनोन्‌महिने कोंडलेला असावा. तिने मावशीकडे पाहिलं. अट्रॅक्टा तिच्या पोशाखाची पाठीमागची बटणं लावत होती, तिने मान वर केली नाही. पोरीने काही विचारलं नाही. विचारण्यासारखं काही दिसतच नव्हतं.

सगळं गाव डिम्पनाला म्हणत होतं, छान दिसतेस. बॉस्टनहून आलेल्या चुलतबहिणीने तर विचारलं की कुठल्या डॉक्टरकडे जातेस. डिम्पना बसूनच होती, पण राणीसारखी बसली होती. एका नाचाला डोनलने तिला उठवलं, तिचा सगळा भार त्याच्या हातावर होता, आणि ती हसत होती. मांडीवर असले की तिचे हात मिटलेले असायचे. त्याचं कारण तेव्हा माझ्या लक्षात आलं नाही.

माझं लक्ष अट्रॅक्टाकडे होतं. एवढ्या उकाड्यात बाई निळं लोकरीचं कार्डिगन गळ्यापर्यंत लावून बसली होती. मी थट्टा केली, सर्दी झालीय का? ती म्हणाली, गप बैस. शेवटी हॉटेलच्या न्हाणीघरात ती तोंडावर पाणी मारायला गेली तेव्हा मीही मागोमाग गेले. तिने कार्डिगन काढलं होतं. खालचा पोशाख पाठीवर खोल होता.

तिच्या पाठीवर ओघळच ओघळ होते. एका खांद्यापासून खाली वेडेवाकडे पट्टे, मध्ये कोरा पांढरा तुकडा, आणि त्या पांढऱ्यात, डाव्या खांद्याच्या हाडाखाली, एक अख्खा हात उठला होता. चार बोटं, अंगठा, तळवा. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच, असं काहीतरी मी म्हणणार होते. पण तो हात बघितला आणि मी दाराला कडी लावली.

अट्रॅक्टा म्हणाली, "काल रात्री डिम्पनाला लावून द्यायचं होतं. हातमोजा धरवेना तिला, गळून पडला. मग तशीच हाताने लावायला लागली. मध्येच तोल गेला, माझ्या पाठीवर टेकली."

"मग तू पुसायचंस की गं," मी म्हटलं.

"टेकली होती ती, ब्रीज. मी हलले असते तर पडली असती."

ती तशीच उभी राहिली होती, बहिणीला श्वास येईपर्यंत. तेवढ्यात रंग बसला. तिने कार्डिगन पुन्हा घातलं, वरपर्यंत बटणं लावली आणि बाहेर जाऊन केकच्या ताटल्या वाटायला लागली.

आयलीश आणि डोनल पोर्तुगालला गेली. रोज फोन यायचा. डिम्पना म्हणायची, छान आहे हो, मासे खाल्लेस का? फोन ठेवला की बराच वेळ तिला बोलता यायचं नाही. आणि एका सकाळी, पोरगी यायच्या आतच, अट्रॅक्टा चहा घेऊन गेली तेव्हा डिम्पना गेलेली होती. माझी भिंत अट्रॅक्टाने हाताने वाजवली. आरडाओरडा काही नाही, नुसती दोनदा थाप. मला कळलं.

आमच्याकडे मयत घरीच असतं. पुढच्या खोलीत शवपेटी उघडी ठेवली, खिडकी उघडली, घड्याळ बंद केलं. मी हॅमची सँडविचेस करत राहिले, शेजारपाजारच्या खुर्च्या आल्या, माणसं रांगेने येऊन अट्रॅक्टाचा हात हातात घेऊन जाऊ लागली. आणि जो तो डिम्पनाकडे बघून म्हणायचा, काय छान दिसतेय. मोतिया रंगाचा तोच पोशाख होता. रंग जरासा उतरला होता, पण सारखा उतरला होता. चांगल्या हाताची ती खूण. वाईट काम झालं असेल तर रंग उतरतानाही ठिकठिकाणी सुटतो.

दुपार कलताना आयलीश आली. तिचा चेहरा, हात, खरोखरच्या उन्हाने रापलेले, नाकावरची कातडी सुटलेली. ती शवपेटीजवळ उभी राहिली. दोन बायका माळ जपत होत्या, त्या थांबल्या. तिने आईच्या चेहऱ्याकडे पाहिलं, हातांकडे पाहिलं, मग मान वळवून अट्रॅक्टाकडे.

"मी तुला विचारलं नाही," ती म्हणाली, "कारण ती बरी दिसत होती."

अट्रॅक्टा म्हणाली, "हो."

"तू तिला बरी दाखवलीस, अट्रॅक्टा. तुला माहीत होतं आणि तू मला जाऊ दिलंस."

आयलीश 'मावशी' म्हणाली नाही. जन्मात पहिल्यांदा तिने नुसतं नाव घेतलं. अट्रॅक्टाने ते ऐकलं, मी तिच्याकडे बघत होते म्हणून सांगते. डिम्पनाने गळ घातली होती, डिम्पनाची इच्छा होती, असं ती सांगू शकली असती. तिने मेलेल्या बहिणीवर काही ढकललं नाही. परत नुसतं म्हणाली, "हो."

"ही माझी आई नाही. हा तुझा रंग आहे. मला माझी आई बघायची आहे. काढ हा."

मी माळ जपणाऱ्या बायकांना चहा घ्यायला आत पाठवलं आणि दार ओढून घेतलं.

अट्रॅक्टा सावकाश म्हणाली की सगळा निघणार नाही, त्यासाठी अंग घासावं लागतं. "आणि तिला आता घासणं माझ्याच्याने होणार नाही, पोरी."

"एक हात तरी."

अट्रॅक्टा आत जाऊन कोमट पाणी, तेल आणि मऊ फडकं घेऊन आली. डिम्पनाच्या बोटांत गुंडाळलेली माळ तिने सोडवली, तेल लावून ठेवलं, मग मनगटापासून बोटांकडे पुसायला लागली. जोर न लावता, पुन्हा पुन्हा. फडकं तपकिरी व्हायला लागलं. जसं तिने पातळ पातळ चढवलं होतं, तसंच ती उतरवत होती. खालून पिवळा हात वर आला. मेणासारखा. मागच्या बाजूला सुयांचे काळेनिळे डाग, एकाला लागून एक. आयलीश घरी आली की डिम्पना हात शालीत ठेवायची, त्यामुळे ते डाग तिने कधीच बघितले नव्हते. ती खाली वाकली आणि तिने त्या प्रत्येक डागावर बोट ठेवलं. एवढा वेळ रडली नव्हती, आता रडायला लागली. अट्रॅक्टाचं फडकं चालूच होतं.

मग आयलीशने तो हात उलटा केला. तळवा गडद तपकिरी होता. पोटऱ्यांवर ओघळ राहिला तर एक वेळ चालेल, पण तळहात रंगलेला सोडणं ही आमच्या गावात लाज समजतात, आणि अट्रॅक्टाच्या घरात तर तो गुन्हाच. आयलीश त्याच घरात वाढलेली.

"हे काय?" तिने विचारलं. "तू कुणाचा तळहात असा कधी ठेवला नाहीस."

अट्रॅक्टाने फडकं पाण्यात बुडवलं. मला राहवलं नाही. म्हटलं, "दाखव ना तिला. कुणासाठी झाकून ठेवलंयस?"

"तिने माझ्या पाठीला लावलं," अट्रॅक्टा म्हणाली, "लग्नाच्या वेळी. नेहमीसारखं."

तिने दाखवलं नसतंच. मीच पुढे होऊन तिचं काळं कार्डिगन खांद्यावरून खाली घेतलं आणि ब्लाउजची मागची बटणं सोडली. पट्टे फिकट झाले होते. पण तो हात होता, बोटं अजून वेगळी मोजता येत होती. तेवढ्या दिवसांत तिने पाठीला पाणीसुद्धा नीट लागू दिलं नसावं.

आयलीश आईचा हात धरून तशीच उभी राहून बघत होती. एकदा त्या हाताकडे, एकदा पाठीकडे. मग विचारलं, "त्या उकाड्यात कार्डिगन म्हणून घातलं होतंस?"

"हो."

एवढंच झालं. एखाद्या गोष्टीत दोघी गळ्यात पडल्या असत्या. शवपेटी मिटेपर्यंत आयलीश तिथे बसली आणि तो पुसलेला हात तिने सोडला नाही. लोकांनी आणलेला चहा तिच्या शेजारी गार होत राहिला. दफनानंतर ती डोनलबरोबर सरळ गॉलवेला गेली. अट्रॅक्टा फाटकाशी उभी होती, पण गाडीची काच खाली झाली नाही.

त्यानंतर शनिवारचा तो वास बंद झाला. पोरी यायच्या, दार वाजवायच्या, अट्रॅक्टा सांगायची की हात दुखतो. बाटल्या तिने वृद्धाश्रमातल्या मुलींना वाटून टाकल्या. स्वतःही लावायची सोडली. दिवसेंदिवस ती माझ्यासारखीच पांढरी होत गेली आणि मला ते बघवेना. इतकी वर्षं मी जिला नावं ठेवली, ती तो रंग लावून पुन्हा फाटकातून बाहेर पडावी असं मला वाटायचं.

शनिवारी मात्र ती माझ्याकडे यायची. पाठमोरी उभी राहायची आणि म्हणायची, "ब्रीज, बघ जरा. आहे का?" मी बटणं सोडून बघायची. आधी करंगळी गेली. मग तळव्याची कड. मग अंगठा. मी दिसेल ते सांगायची. मला गोड बोलता येत नाही, कधीच आलं नाही. एका शनिवारी तिला खिडकीजवळ नेलं, चष्मा पुसला, पुन्हा बघितलं. म्हटलं, "अट्रॅक्टा, गेला गं." ती म्हणाली, उजेडात बघ. म्हटलं, उजेडातच बघतेय. तिने कार्डिगन खांद्यावर ओढलं. मग म्हणाली, आठवडाभरच टिकतो तो, हा तरी बराच टिकला. आणि घरी गेली.

डिम्पनाला जाऊन महिना झाला त्या दिवशीच्या मिसाला, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेला, आयलीश आली. अट्रॅक्टाच्या बाकावर बसली नाही, मागे बसली. मिसानंतर मीच तिचा दंड धरून म्हटलं, घरी चल, आईच्या खोलीतल्या वस्तू तुला बघाव्या लागतील. ती आली. स्वयंपाकघरात आम्ही तिघी बसलो. मी ब्राउन ब्रेड कापला, लोणी पुढे सरकवलं. कुणी खाईना. माझं नको तितकं बोलून झालं.

मग अट्रॅक्टाने खुर्ची फिरवली. आमच्याकडे पाठ करून बसली. म्हणाली, "आयलीश, बघ गं जरा. अजून आहे का तो?"

मी तोंड उघडलं होतं. दोन शनिवारांपूर्वीच तर मी तिला सांगितलं होतं की गेला. आणि तो किती टिकतो हे साऱ्या गावाला शिकवणारी तीच होती. पण तिने मला विचारलंच नव्हतं.

आयलीश उठली. ब्लाउजची बटणं एकेक करून सोडली. पाठ कोरी होती, दोन-चार तीळ सोडले तर काही नाही. आयलीशने तिकडे बराच वेळ पाहिलं. मग आपला हात उघडून डाव्या खांद्याच्या हाडाखाली ठेवला, जिथे तो होता बरोबर तिथेच.

"आहे," ती म्हणाली.

"अंगठा?"

"अंगठापण आहे, मावशी."

अट्रॅक्टाच्या खांद्यांतून काहीतरी सैल झालं. तोंड भिंतीकडे होतं, मला दिसलं नाही.

"टिकला म्हणायचा," ती म्हणाली.

आयलीशने हात लगेच काढला नाही. मी चहा पुन्हा गरम करायला ठेवला. किटली शिट्टी द्यायला लागली तेव्हा कुठे तिने मावशीची बटणं लावायला घेतली, खालून वर, एकेक करून.